मांडवाला उशीर झाला तर

दोडामार्गातल्या लग्नाला मंडपवाला कधी सावंतवाडीचा, बँड डिचोलीचा, फुलं तिलारी घाट उतरून आलेली. उशीर व्हायचाच. अशा वेळी नवरीच्या बापाने फोनवर ओरडू नये. घरातल्या एखाद्या जाणत्याने बोलावं, आणि आल्याची वेळ पावतीवर लिहून सही घ्यावी. उरलेली रक्कम कमी करायला हाच कागद उपयोगी. मालक ऐकेनाच, तर १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे. २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याखाली दोन वर्षांत जिल्हा आयोगाकडे तक्रार करता येते. पाच लाखांपर्यंत फी नाही.

बक्षिशीचं म्हणाल, तर ती मालकाला नसतेच. उशीर त्याचा; मध्यरात्री खांब उपसणाऱ्या पोरांचा त्यात काय दोष? त्यांना द्यावी, थेट त्यांच्याच हातात.