दिग्दर्शिका लीला चिटणीस



'आवारा' आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. गरोदर बायकोवर संशय घेऊन न्यायाधीश नवरा तिला घराबाहेर काढतो आणि भर पावसात, रस्त्याच्या कडेला ती बाळंत होते. ती आई साकारली होती लीला चिटणीस यांनी. या लीलाबाई दिग्दर्शिकाही होत्या, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक आहे.

लीलाबाई मूळच्या धारवाडच्या, पदवीधर. संसार टिकला नाही. चार मुलं वाढवायची होती. रंगभूमीवरून त्या सिनेमात आल्या. 1936 साली वि. स. खांडेकरांच्या कथेवरच्या 'छाया'त त्या झळकल्या. दिग्दर्शकाच्या खुर्चीपर्यंत पोचायला मात्र त्यांना आणखी बराच काळ लागायचा होता.

बॉम्बे टॉकीजच्या 'कंगन', 'बंधन' आणि 'झूला'त त्या अशोककुमारांच्या नायिका होत्या. 1941 साली 'लक्स'च्या जाहिरातीत आलेल्या त्या पहिल्या भारतीय तारका. आणि त्याच वर्षीच्या 'झूला'नंतर सातच वर्षांनी, 'शहीद'मध्ये, त्या दिलीपकुमारांची आई झाल्या! अशोककुमार मात्र पुढेही नायकच राहिले. नटीचं वय ठरवणारे दुसरेच होते.

लीलाबाई मात्र नुसता अभिनय करत बसल्या नाहीत. त्याआधीच, 1942 साली, त्यांनी 'किसीसे ना कहना'ची निर्मिती केली होती. 1955 साली 'आज की बात' दिग्दर्शित केला. 'चंदेरी दुनियेत' हे आत्मचरित्र लिहिलं. 2003 साली अमेरिकेत त्यांचं निधन झालं. आपण त्यांनी साकारलेली आई लक्षात ठेवली, दिग्दर्शिका विसरलो.

भंडाऱ्याच्या श्रोत्यांना हे मुद्दाम सांगतो. आपल्या झाडीपट्टीत पूर्वी दंडारीत बायकांची कामं पुरुषच करत. आज धान कापून झालं, मंडई भरली, की रातभर चालणाऱ्या नाटकांत आपल्या लेकीबाळी हिमतीनं उभ्या राहतात. साकोली, लाखांदूरकडचे प्रेक्षक त्यांना टाळ्या देतात. पण नाटक बसवायची वेळ आली, की त्यांना कोण विचारतं? नाटक मंडळींनो, येत्या हंगामात एक तरी नाटक बाईच्या हाती द्या. तिला नुसता संवाद देऊ नका, तालीम घेण्याचा अधिकार द्या. लीलाबाईंची खरी आठवण तीच.