जीवाला बाई-पुरुष नाही

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला ‘आत्मा’ या विषयावर बोलायला सांगितले, तेव्हा मला हसूच आले. माझे शिक्षण सातवीपर्यंत. चूल, गोठा आणि भाताचे खाचर एवढाच माझा अभ्यास. परंतु एका प्रसंगापासून हा विषय माझ्या मनात घर करून बसला आहे. तो प्रसंग आधी सांगते.

चौदा वर्षांपूर्वीचा आषाढ. सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. घरची मंडळी आवणीला गेली होती आणि मी चार दिवस ‘बाजूला’, म्हणून पडवीत बसले होते. दुपारी त्यांनी आतून पाणी मागितले. मी उंबऱ्यापर्यंत गेले आणि थांबले. पाण्याचा हंडा शिवायचा नाही, ही लहानपणापासूनची शिकवण. शेजारच्या काकूंना हाक मारली, पण पावसात त्यांना ऐकू जाईना. अखेर भिजत जाऊन त्यांना घेऊन आले. सासूबाईंना पाणी मिळाले, पण तेवढ्या वेळात त्या माउलीने मला तीन वेळा हाक मारली होती. आठ दिवसांनी त्या गेल्या. मला कोणी बोल लावला नाही. मीच मनाला विचारीत राहिले, विटाळ नक्की कोणाला होता? हाताला, की हात हलविणाऱ्या जीवाला?

भगिनींनो, घर वेगळे आणि घरात राहणारा वेगळा, हे आपल्या मुळशीकरांना कोणी शिकवायला नको. धरणाविरुद्ध १९२१ साली सत्याग्रह सुरू झाला, सेनापती बापटांनी त्याचे नेतृत्व केले, तरीही धरण झालेच. घरे, देवळे, शेते पाण्याखाली गेली. पण घर बुडाले म्हणून माणूस बुडाला नाही. तो डोळे पुशीत वर आला आणि दुसरीकडे चूल मांडली. देहाचे आणि जीवाचे नाते मला असेच वाटते.

मग या जीवाचे स्वरूप कसे? याचा विचार आपल्या मराठीत साडेसातशे वर्षांपूर्वीच झालेला आहे. महानुभाव पंथाचे चक्रधरस्वामी सांगत की जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ अनादी आणि एकमेकांहून वेगळे आहेत. परमेश्वर नित्यमुक्त, देवता नित्यबद्ध, प्रपंच अनित्य, आणि जीव बद्धमुक्त. म्हणजे आज बांधलेला, पण सुटू शकणारा. मी माझ्यापुरते असे समजून घेतले, की गाय खुंट्याला बांधलेली असली तरी दावे म्हणजे गाय नव्हे. दावे सुटते, गाय राहते.

आपण वारकरी घरांतल्या बायका. ज्ञानेश्वर माउलींनी ‘अमृतानुभवा’त वेगळे सांगितले आहे. त्यांच्या मते जीव आणि शिव मुळात दोन नाहीतच. सारे जग त्या एकाच चैतन्याचा विलास आहे. धरणातले पाणी आणि आपल्या कळशीतले पाणी एकच, तसे. या दोन मतांत खरे कोणते, हे ठरविण्याची माझी पात्रता नाही. पंडित त्यावर खुशाल वाद घालोत. मला एवढेच दिसले, की जीव वेगळा माना अथवा एक माना, त्याला बाई-पुरुष हा भेद दोन्हीकडे नाही.

चक्रधरांनी तर हे उघड बोलून दाखविले. म्हाइंभटांच्या ‘लीळाचरित्रा’त ते आले आहे. बायकांना धर्माचा अधिकार कसा, अशी शंका निघाली, तेव्हा पुरुषांचा तेवढा जीव मोठा आणि बायकांचा काय इवलासा, अशा अर्थाचा उलट प्रश्न स्वामींनी केला. त्यांनी बायकांना संन्यास दिला. विटाळाबद्दल त्यांचे म्हणणे असे, की नाकातून, डोळ्यांतून मळ येतो, तसाच हाही देहाचा एक स्राव. त्याचा वेगळा बाऊ कशाला? त्यांच्या शिष्या महदाइसा प्रश्न विचारण्याबद्दल प्रसिद्ध होत्या. मराठीतल्या पहिल्या कवयित्री म्हणून ज्यांचे ‘धवळे’ नावाजले, त्या ह्याच. बाईने प्रश्न विचारू नये, असे आपल्याला कोणी सांगितले तर महदाइसांचे नाव सांगावे.

आणि आपल्या वारकरी संतांत चोखामेळ्यांच्या पत्नी सोयराबाई. जातीमुळे ज्यांना देवळाची पायरी बंद, त्यांनी अभंगातून विचारले, की विटाळावाचून जन्मलेला देह दाखवा तरी कोठे आहे! विटाळ असेल तो देहापाशी. आत्म्याला त्याचा स्पर्श नाही. ज्या बाईला दुहेरी विटाळ चिकटविला गेला, तिने हे म्हणावे, यातच सारे आले.

हे सगळे मला चौदा वर्षांपूर्वी ठाऊक असते, तर मी तो उंबरा ओलांडला असता. आता ते भांडे सासूबाईंच्या ओठांना लागायचे नाही. पण गेल्या वर्षी माझी लेक मोठी झाली. तिने विचारले, “आई, मी पडवीत बसायचे का?” मी तिला आत बोलाविले आणि देवाजवळचा तांब्या तिच्याच हाती भरून घेतला. घरात दोन दिवस अबोला झाला. तिसऱ्या दिवशी तिच्या वडिलांनी तिच्याकडेच पाणी मागितले.

भगिनींनो, कोणाची श्रद्धा मोडावी म्हणून मी उभी राहिलेली नाही. थकलेल्या बाईला चार दिवस विसावा जरूर द्यावा. तो विसावा असावा, शिक्षा नसावी. आणि आतून तहानेची हाक आली, तर कोणीही उंबऱ्यावर थांबू नये, एवढेच माझे मागणे आहे.

अडाणी बाईचे बोल गोड मानून घ्या. चुकले माकले पदरात घ्या.