पडलेली तार आणि विभवाचे गणित



व्याख्यानमालेच्या चालकांनी आम्हांस विषय विचारला तेव्हा त्यांची अपेक्षा 'कंत्राटी कामगारांचे प्रश्न' किंवा फार तर 'किमान वेतन' अशी असावी. आम्ही कागदावर 'विभवाचे गणित' असे लिहून दिले, तेव्हा लिहिण्यात काही घोटाळा झाला की काय हे विचारावयास एक कार्यकर्ते घरी येऊन गेले. घोटाळा नव्हता. आमचे शिक्षण दहावीपाशी थांबले आणि पुढची वर्षे जिनिंगच्या आवारात, मोर्चांत आणि कामगार कार्यालयाच्या बाकांवर गेली, हे खरे. पण शाळेने ज्याला सोडले त्याने गणिताला धरू नये असा काही कायदा नाही. इथल्या एका निवृत्त प्राध्यापकांनी रविवारच्या रविवारी आम्हांस कलनशास्त्र शिकविले. ते का शिकावे लागले, ते ओघाने सांगू.

उच्च गणित परभणीच्या मातीला परके आहे, असेही कोणी समजू नये. आपले पाथरी म्हणजे पूर्वीचे पार्थपूर. तेथे ज्ञानराज नावाचे ज्योतिषी होऊन गेले. त्यांचा 'सिद्धांतसुंदर' हा ग्रंथ सुमारे १५०३ सालचा. त्यांचे चिरंजीव सूर्यदास यांनी भास्कराचार्यांच्या बीजगणितावर १५३८ साली आणि लीलावतीवर १५४१ साली टीका लिहिली. लीलावतीवरील टीकेचे नाव 'गणितामृतकूपिका', म्हणजे गणितरूपी अमृताची लहानशी विहीर. दुष्काळी मुलखातल्या पंडिताला पुस्तकासाठी विहिरीचेच नाव सुचावे, यात आम्हांस तरी काही नवल वाटत नाही.

आता विभव म्हणजे काय ते पाहू. जिंतूरकडच्या डोंगरावर पडलेला पाऊस पूर्णेत येतो आणि पूर्णेतून गोदावरीत जातो. कोणते पाणी कोठे वळेल हे ठरविण्यास प्रत्येक ओढ्याची दिशा पाठ करावी लागत नाही. प्रत्येक ठिकाणची उंची ठाऊक असली की पुरे. उंची हा एकच आकडा, परंतु त्याच्या उतारात पाण्याची दिशाही आली आणि जोरही आला. अठराव्या शतकात लाग्रांज आणि लाप्लास या गणितज्ञांच्या लक्षात आले की गुरुत्वाकर्षणाचेही असेच आहे. ओढ कोणत्या दिशेने आणि किती, असा तिहेरी हिशेब करण्याऐवजी प्रत्येक बिंदूला एक आकडा द्यावा. त्या आकड्याचा उतार हीच ओढ. या आकड्यास विभव म्हणतात. वीज, उष्णता, जमिनीत झिरपणारे पाणी, या सर्वांना ही एकच युक्ती लागू पडते, आणि मौज अशी की समीकरणही एकच निघते. ते लाप्लासचे समीकरण.

समीकरण फळ्यावर लिहून आपणांस घाबरविण्याचा आमचा विचार नाही. त्याचा अर्थ साध्या मराठीत सांगता येतो: जेथे स्वतःचा उगम नाही अशा कोणत्याही बिंदूचा आकडा हा त्याच्या भोवतालच्या आकड्यांची सरासरी असतो. बिंदूभोवती वर्तुळ काढा, त्यावरच्या सर्व आकड्यांची सरासरी घ्या, ती मधल्या आकड्याइतकी भरेल.

एवढ्यावरून काय काय निघते पाहा. लोखंडी पत्र्याचा चौकोनी तुकडा घ्या, चारी बाजू सारख्या. एक कड उकळत्या पाण्याइतकी, म्हणजे १०० अंशांवर राखली आहे आणि उरलेल्या तीन कडा बर्फाइतक्या, शून्यावर. बराच वेळ गेल्यावर पत्र्याच्या बरोबर मध्यभागी किती अंश असतील? यास कलनशास्त्र नको. असे चार पत्रे कल्पा, प्रत्येकाची निराळी कड तापलेली. चौघांची उष्णता एकावर एक मिळवली तर ज्याच्या चारी कडा १०० अंशांवर आहेत असा पत्रा होतो, आणि तो आतूनही सगळीकडे १०० अंशच असणार. चौघांचा वाटा सारखा. तेव्हा एकाच्या मध्यभागी २५. आमच्या युनियनच्या कचेरीत हा हिशेब एका वेल्डर पोराने आमच्या आधी सांगितला होता, हे येथे नमूद केले पाहिजे.

दुसरी गोष्ट. प्रत्येक जण शेजाऱ्यांच्या सरासरीइतका असेल तर आत कोणीही सर्वांहून उंच असू शकत नाही. सर्वांत मोठा आणि सर्वांत लहान आकडा नेहमी काठावर सापडतो. एका सभासदाने यावर विचारले की पगाराचेही असेच असते काय, सर्वांत मोठा आकडा नेहमी कंपनीच्या काठावर, मुंबईत बसलेला? आम्ही म्हटले, समीकरण पत्र्याचे आहे, त्याला उगाच मोर्चात नेऊ नका.

तिसरी गोष्ट अशी की काठ ठरला म्हणजे आतले सर्व ठरले. ऐकावयास हे सोपे वाटते, पण याने मोठमोठ्यांस घाम फोडला. १८५१ साली रीमान यांनी हे तत्त्व धरून चालून पुष्कळ गणित उभे केले. १८७० साली वायरश्ट्रास यांनी दाखविले की त्यामागची सिद्धता लंगडी आहे. पुढे १९०० च्या सुमारास हिल्बर्ट यांनी ती सावरली. नंतर लेबेग यांनी असा आकार दाखविला की ज्यात सुईसारखा अतिशय बारीक काटा बाहेरून आत घुसला आहे. त्या काट्याच्या टोकावर काठाचा आकडा आतल्याला मानवतच नाही. एवढ्याशा टोकाचा अभ्यासही एका स्वतंत्र शास्त्राचा भाग झाला, त्याचे नाव विभवसिद्धांत. त्यातले फ्रेंच पंडित मार्सेल ब्रेलो यांनी मुंबईस टाटा मूलभूत संशोधन संस्थेत या विषयावर व्याख्याने दिली. गौरीशंकरन आणि वेंकटेश मूर्ती या दोघांनी घेतलेली त्यांची टिपणे १९६० साली, म्हणजे महाराष्ट्र राज्य झाले त्याच वर्षी, पुस्तकरूपाने निघाली. तेही व्याख्यानांचेच पुस्तक. त्यातले आम्हांस फार थोडे कळते. पण तो सुईचा काटा आम्ही विसरू शकत नाही.

विभव या शब्दास गणितात कायमचे घर मिळवून देणारा मनुष्य मात्र पंडित नव्हता, पीठ दळणारा होता. जॉर्ज ग्रीन, राहणार इंग्लंडातील नॉटिंगहॅमजवळचे स्नेंटन. बाप भटारखान्याचा मालक, पुढे त्याने पवनचक्की बांधली. पोराला शाळा मिळाली सुमारे वर्षभर, नवव्या वर्षापर्यंत. त्यानंतर चक्की. दळण सांभाळून या माणसाने १८२८ साली वीज व चुंबकत्व यांच्या गणितावर एक निबंध स्वखर्चाने छापला. वर्गणीदार एक्कावन, किंमत साडेसात शिलिंग. घेणाऱ्यांपैकी बहुतेकांस त्यातली ओळही समजली नसेल. त्यातले एक सूत्र आज जगातला प्रत्येक पदार्थविज्ञानाचा विद्यार्थी 'ग्रीनचे' म्हणून शिकतो. चाळिसाव्या वर्षी ग्रीन केंब्रिजमध्ये विद्यार्थी म्हणून दाखल झाला आणि १८४१ साली वारला. त्याच्या मृत्यूनंतर, १८४५ मध्ये, विल्यम थॉमसन नावाच्या तरुणाच्या हाती तो निबंध आला आणि त्याने तो युरोपभर वाचावयास लावला. हाच थॉमसन पुढे लॉर्ड केल्व्हिन झाला. ग्रीनचे चरित्र आम्ही रात्रपाळीच्या पोरांना नेहमी सांगतो. त्यातले 'स्वखर्चाने' हे अक्षर त्यांना लगेच कळते.

आपल्या देशातही या गणिताने मोठे काम केले. बंधाऱ्याखालून पाणी झिरपते, ते वर दाब देते, आणि बंधारा उचलून टाकते. पंजाबच्या कालव्यांवर असे घडू लागले तेव्हा अजुध्या नाथ खोसला यांनी बांधकामाच्या पायाखालचा दाब मोजविला आणि बोस व टेलर यांच्यासह १९३६ साली त्याचा सिद्धांत प्रसिद्ध केला. ते लाप्लासचेच समीकरण. येलदरीचे धरण १९६८ साली पुरे झाले. मातीच्या भिंतीतून किती पाणी पाझरेल आणि पाझराची वरची रेषा कोठून जाईल, हे काढावयाचे ते याच शास्त्राने.

जिल्ह्यात उन्हाळा आला की पाणाड्यांचा हंगाम सुरू होतो. कोणी तळहातावर नारळ उभा करतो, कोणी दुबेळक्याची काडी धरतो. त्यांच्या पोटावर पाय द्यावयाचा नाही, पण दुसरी एक रीत आहे ती ऐका. चार लोखंडी सळया एका ओळीत, सारख्या अंतरावर ठोकतात. बाहेरच्या दोन सळयांतून वीज सोडतात आणि आतल्या दोहोंमधला विभवाचा फरक मोजतात. फरकास प्रवाहाने भागा, सळयांमधील अंतराने गुणा, आणि मग ६.२८ ने गुणा. जमिनीची रोधकता हाती येते. ही फ्रँक वेनर या अमेरिकन शास्त्रज्ञाची १९१५ सालची रीत. सळयांमधले अंतर वाढवीत गेले की अधिकाधिक खोलीची खबर मिळते. घट्ट काळा पाषाण विजेला फार अडवितो, भेगाळलेला ओला खडक कमी अडवितो. तरीही बोअर कोरडे जात नाही असे नाही. पण हा अंदाज निदान तपासता येतो.

या मोजणीमागचे सूत्र आणि आता सांगणार ते सूत्र एकच आहे. त्यासाठीच आम्ही हे शास्त्र शिकलो.

विजेची तार तुटून जमिनीवर पडली की जेथे ती टेकते तेथून वीज चहूकडे मातीत पसरते. जमिनीखाली अर्ध्या गोळ्याच्या आकाराचे थर कल्पा, कांद्याच्या पाकळ्यांसारखे. जसजसे दूर जावे तसतसा थर मोठा, वीज पातळ. यावरून असे निघते की विभव अंतराच्या व्यस्त प्रमाणात घटतो. उदाहरणासाठी आकडे घेऊ. तारेतून जमिनीत ५० अँपियर वीज शिरते आहे आणि जमिनीची रोधकता १०० ओहम-मीटर आहे. मग एक मीटरवर विभव सुमारे ७९६ व्होल्ट, दोन मीटरवर ३९८, दहा मीटरवर ८०, अकरा मीटरवर ७२. म्हणजे तारेजवळ एका मीटरच्या पावलात ३९८ व्होल्टचा फरक, आणि दहा मीटरपलीकडे तेवढ्याच पावलात सुमारे सात. तार लांबवर आडवी पडली असेल तर आकडे निराळे येतील. जवळ उतार तीव्र आणि दूर मंद, हे मात्र बदलत नाही.

माणूस मरतो तो विभवाने नव्हे, दोन पायांमधल्या विभवाच्या फरकाने. बैलाचे पुढचे आणि मागचे पाय दीड मीटर लांब. वरच्याच हिशेबात पुढचे पाय दोन मीटरवर आणि मागचे साडेतीनवर असतील तर १७० व्होल्ट, आणि ते छातीतून जातात. तारेपासून अंतरावर उभी असलेली जोडी एकदम कोसळते आणि धनी तेथेच उभा राहून वाचतो, यात दैव नाही, पावलाची लांबी आहे.

काही वर्षांपूर्वी एका कंत्राटदाराकडचा आमचा एक सभासद पावसात तुटलेली तार पाहावयास गेला आणि परतला नाही. नुकसानभरपाईच्या दाव्यात समोरच्यांचे म्हणणे असे की प्रेत तारेपासून पाच फुटांवर होते, हाताला कोठे खूण नव्हती, तारेला स्पर्श नाही, सबब मृत्यू विजेने नाही, हृदयविकाराने असावा. शवविच्छेदनाच्या कागदावर दोन्ही तळव्यांवरच्या खुणा लिहिलेल्या होत्या, त्यांचा अर्थ कोणी लावला नव्हता. आम्ही तो लावला. दीड मीटरवर एक पाय, सव्वादोन मीटरवर दुसरा: वरच्या आकड्यांनी १७७ व्होल्ट. अनवाणी, ओल्या जमिनीवर. समोरच्या वकिलांनी विचारले, प्रवाह ५० अँपियरच होता कशावरून? प्रश्न रास्त होता. आम्ही म्हटले, उपकेंद्राच्या नोंदवह्या हजर करा, तो आकडा घालून आपणच हिशेब करा. नोंदवह्या हजर झाल्या नाहीत. दावा मान्य झाला. त्यास किती तारखा लागल्या तो हिशेब आज नको. त्या बाईंनी आम्हांस एकच विचारले, हे तुम्हाला आधी माहीत होते तर कामावरच्या पोरांना का सांगत नाही? आम्हांस ते माहीत नव्हते, त्या दाव्यासाठीच शिकलो होतो. पण तेव्हापासून सांगतो आहोत.

अर्थिंगचे खड्डेही याच गणितातले. सळईभोवतीची पहिली हात-दोन हात माती रोधाचा मोठा वाटा उचलते, म्हणून तेथे कोळसा आणि मीठ भरावयाचे, पाणी घालावयाचे. एप्रिल-मे महिन्यांत परभणीची जमीन भेगाळते तेव्हा तोच खड्डा निकामी होतो. मीठ-कोळशाचे बिल निघते, खड्ड्यात मुरूम निघतो, असेही पाहावयास मिळते. कोरड्या जमिनीवर पडलेली तार कित्येकदा उपकेंद्रातून बंदच पडत नाही, कारण प्रवाह पुरेसा वाहत नाही. ती मेलेली दिसते, पण जिवंत असते.

मृग तोंडावर आला आहे. वादळी पावसाने तारा पडतील. पडलेली तार दिसली तर पळावयाचे नाही, कारण पळताना पाऊल लांब पडते. दोन्ही पाय जुळवून, जमिनीवरून न उचलता, घासत घासत मागे सरावयाचे, निदान पंधरा-वीस पावले. मग वायरमनला कळवावयाचे, आणि तो येऊन लाइन बंद झाल्याचे सांगेपर्यंत खुंट्याचे जनावर सोडवावयास कोणीही जावयाचे नाही. मागच्या टेबलावर आम्ही चार सळया, एक बॅटरी आणि मीटर ठेवले आहे. व्याख्यान संपल्यावर ज्यांना हवे त्यांनी बाहेरच्या अंगणात येऊन स्वतः मोजून पाहावे.