अर्ज मागे घ्यायचा, हक्क नव्हे



हायकोर्टातला अर्ज मागे घ्यायचा म्हटल्याबरोबर काल चाळीचाळीतून बोभाटा झाला, "पुढाऱ्यांनी कच खाल्ली!" ठीक आहे. शिव्या द्या, पण आधी दहा मिनिटं ऐकून घ्या. पैसा तुमच्या घामाचा अडकलाय.

दावा ग्रॅच्युइटीचा. गिरणी सरकारी मालकीची, म्हणून घटनेच्या २२६ कलमाखाली आपण रिट अर्ज लावला. कोर्टाचा पहिलाच सवाल: या दाव्यासाठी कायद्याने अधिकारी नेमलेला असताना, त्याचे दार न ठोठावता इथे कशाला आलात?

हा सवाल म्हणजे काही लोखंडी भिंत नव्हे. १९९८ साली व्हर्लपूल कंपनीच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितले, की मूलभूत हक्कावर घाला आला, बाजू न ऐकता निकाल दिला, अधिकाऱ्याला अधिकारच नव्हता किंवा कायद्यालाच आव्हान असले, तर दुसरी वाट असूनही हायकोर्ट अर्ज ऐकू शकते. पण आपले भांडण यात बसते का? कुणाची नोकरी किती वर्षं, शेवटचा पगार किती, मधली गैरहजेरी खंड धरायची की नाही, हा सारा हजेरीपटाचा न् साक्षीपुराव्याचा मामला. रिटमध्ये साक्षीदार सहसा तपासत नाहीत. तो हिशेब अधिकाऱ्यापुढेच निघायचा.

तर तिकडे जाऊ. पण जायचं कसं, यात खरी मेख आहे. वकील उठून "मागे घेतो" एवढंच बोलला, तर फसलो! सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस या मोटार कंपनीने असाच मुभा न घेता अर्ज मागे घेतला. पुन्हा लावायला गेली तर दार बंद. १९८६ साली सुप्रीम कोर्टानेही तेच कायम केले: मुभेवाचून मागे घेतलेला रिट अर्ज त्याच कारणासाठी हायकोर्टात परत आणता येत नाही. नाहीतर लोक न्यायमूर्ती बघून अर्ज काढतील न् घालतील. (दुसरी कायदेशीर वाट त्याने बंद होत नाही, हेही ध्यानात ठेवा.)

म्हणून हुकमातच शब्द उतरले पाहिजेत: अधिकाऱ्याकडे जाण्याची मुभा, सारे मुद्दे खुले, आणि हायकोर्टात गेलेला काळ मुदतीच्या हिशेबात ध्यानात घ्यावा. ठराविक आठवड्यांत निकाल द्यावा, हेही मागू. कोर्ट देईलच असे नाही, पण न मागता कोण देतो? तोंडी आश्वासन नको, कागद पाहिजे.

आणखी एक. साचे हलवू नयेत असा तात्पुरता मनाईहुकूम आज आपल्या हाती आहे. अर्ज गेला की तोही गेला. तो निदान चार आठवडे चालू राहावा अशी मागणी वकिलाने त्याच दिवशी केली पाहिजे. ती विसरला तर मात्र तुमच्या शिव्या मीही ऐकून घेईन.

उद्यापासून संध्याकाळी सहानंतर मी कचेरीत बसतो. हजेरीकार्ड, पगाराच्या चिठ्ठ्या, फंडाची पावती, असेल ते घेऊन या. ज्यांचा माणूस गेला, त्यांनी वारसाचा कागद आणावा. अस्सल कागद कुणाच्या हाती देऊ नका, माझ्यासुद्धा, नक्कल द्या.