पहिली बातमी आणि शेवटचा निकाल



पोलिसांविषयी आपले मत कसे बनते, याचा आपण कधी विचार केला आहे काय? आपल्यापैकी थोड्यांनीच पोलीस ठाण्याची पायरी चढलेली असते. बाकीच्यांचे मत वर्तमानपत्र बनविते, आणि त्यातील मजकूर पुष्कळदा पोलिसांनीच पुरविलेला असतो.

गुन्ह्यांच्या बातम्या देणाऱ्या वार्ताहराला रोज मजकूर हवा असतो. तो अधिकाऱ्याकडून मिळतो. अधिकारी रुष्ट झाला तर तो आटतो. म्हणून अधिकाऱ्याचीच भाषा छापली जाते : जमाव हिंसक झाला, सौम्य लाठीमार करण्यात आला, नाइलाजाने गोळीबार करावा लागला. ‘पोलिसांच्या म्हणण्याप्रमाणे’ हे दोन शब्द तेवढे गळून पडतात. ज्याच्या डोक्यावर लाठी बसली, त्याला ती सौम्य वाटली काय, हे कोणी विचारीत नाही.

आपल्या समाजाने याची किंमत रक्ताने मोजली आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे उघडकीस आले. संतप्त लोक रस्त्यावर जमले, आणि राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात १० माणसे मारली गेली. जमाव गॅसचे टँकर पेटविणार होता, असे पोलिसांकडून सांगण्यात आले. न्या. गुंडेवार आयोगाने हा गोळीबार असमर्थनीय ठरविला. २००९ साली शिवडीच्या न्यायालयाने तुकडीचे अधिकारी मनोहर कदम यांना जन्मठेप सुनावली. पुढे उच्च न्यायालयाने त्यांना जामीन दिला. टँकरची गोष्ट घरोघरी पोचण्यास एक दिवस पुरला. न्यायालयाच्या निकालास १२ वर्षे लागली. ज्यांना ती गोष्ट आठवते, त्यांतील कितीजणांना निकाल ठाऊक आहे?

बाबासाहेबांनी ही गोम फार पूर्वी ओळखली होती. ३१ जानेवारी १९२० रोजी ‘मूकनायक’ निघाला, तो आपल्या या परळातूनच. पैसे देऊ केले असताही ‘केसरी’ने त्याची जाहिरात छापली नाही. ज्याला स्वतःचे पत्र नाही, त्याची हकीकत दुसरा सांगतो, आणि ती आपल्या सोयीने सांगतो. आज तर पोलीस दल स्वतःच प्रकाशक झाले आहे. मुंबई पोलिसांनी २०१५ च्या अखेरीस ट्विटरवर खाते उघडले. त्यांच्या विनोदी सूचना लोकांना आवडल्या आणि वर्तमानपत्रांनीही त्या उचलल्या. विनोद करण्यात पाप नाही. परंतु गोड बोलणे हा निर्दोष वागणुकीचा पुरावा नव्हे.

मी पोलिसांचा द्वेष शिकवीत नाही. आपलीही मुले त्या गणवेशात आहेत. तथागतांनी कालामांना सांगितले, ते केवळ ऐकीव गोष्टीवर विसंबू नका म्हणून. तोच नियम छापील गोष्टीलाही लावा. बातमी वाचताना विचारा : हे कोणी सांगितले? दुसऱ्या बाजूस कोणी विचारले काय?

आणि आपली बाजू कागदावर आणा. अत्याचार प्रतिबंधक कायद्याच्या २०१५ च्या दुरुस्तीनुसार, तोंडी फिर्याद लिहून घेतल्यावर ती सही घेण्यापूर्वी वाचून दाखविणे आणि तिची प्रत देणे, हे अधिकाऱ्याचे कर्तव्य आहे. आपण धम्मदीक्षा घेतली म्हणून हे संरक्षण जात नाही. १९९० च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींतून बौद्ध झालेल्यांचा दर्जा मान्य केला आहे. ऐकल्यावाचून सही करू नका, प्रत घेतल्यावाचून ठाणे सोडू नका. बातमी उद्या शिळी होईल. ती प्रत बारा वर्षांनीही न्यायालयात बोलेल.

जय भीम!