कालप्रवाहाचा कोश



आज आम्ही आपल्यापुढे अशा एका ग्रंथाविषयी बोलणार आहोत, की जो अद्याप कोणी लिहिलेला नाही. मराठीत शब्दांचे कोश झाले, चरित्रकोश झाले, डॉ. केतकरांनी ज्ञानकोशही तडीस नेला. भूमीचा नकाशा तर शाळेतले पोरही उघडून पाहते. मग काळाचा नकाशा का नसावा? गेल्या चारशे वर्षांतला कोणताही दिवस काढावा, आणि तो दिवस कोणाच्या घरी कोणत्या नावाने उगवला हे एका पानावर दिसावे, अशा कोशाची कल्पना आम्ही करतो आहोत.

कोणी म्हणेल, पंचांगे आहेत, जंत्र्या आहेत. हा नवा खटाटोप कशाला? जंत्र्यांचे ऋण आम्ही विसरत नाही. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी रॉबर्ट स्युएल यांच्यासह १८९६ मध्ये भारतीय कालगणनेची कोष्टके प्रसिद्ध केली. स्वामिकण्णू पिळ्ळे यांनी १९२२ मध्ये सन ७०० ते १७९९ पर्यंतच्या दिवसांची मोठी जंत्री दिली. या थोर पुरुषांनी पाया घातला नसता, तर आज आम्हांला बोलायला जागाच नव्हती. परंतु पायावर घर बांधायचे राहिले आहे.

अडचण कोठे आहे ती पाहा. पेशवाईतले एखादे मोडी पत्र हाती घ्या. त्यावर ‘छ’ हे अक्षर, पुढे एक आकडा आणि रजब किंवा साबान असा मुसलमानी महिना असतो. ‘छ’ म्हणजे चंद्र, म्हणजे त्या महिन्याची तारीख. वर्ष लिहिलेच असेल तर ते शुहूर सनाचे, आणि तेही अरबी शब्दांत: इहिदे म्हणजे एक, सितैन म्हणजे साठ, मया म्हणजे शंभर, अलफ म्हणजे हजार. हा सन सूर्य मृगात शिरला की बदलतो, म्हणून त्याला मृगसाल म्हणतात. म्हणजे महिना चंद्राचा आणि वर्ष सूर्याचे! चांद्रवर्ष ३५४ दिवसांचे, सौरवर्ष ३६५ दिवसांचे. त्यामुळे एकाच शुहूर सनात दहाअकरा चंद्रतारखा दोनदा येतात. एकदा मृगाच्या पावसात, आणि पुन्हा पुढच्या मृगाच्या तोंडाशी. पत्र यांपैकी कोणत्या दिवसाचे? ते शेवटी आतल्या मजकुरावरूनच ठरवावे लागते. आणि जेथे सनही दिलेला नाही, तेथे तर संशोधकाला अंधारातच चाचपडावे लागते. एका पत्राचे वर्ष चुकले, की कारणाच्या आधी कार्य येऊन बसते आणि निरपराध माणूस फितूर ठरतो. हा नुसता आकड्यांचा खेळ नव्हे.

शिवरायांचा राज्याभिषेक ६ जून १६७४ रोजी झाला, हे आपण सारे जाणतो. पण ही तारीख जुन्या ज्युलियन गणनेची आहे. इंग्लंडने नवी गणना १७५२ मध्ये स्वीकारली. पोर्तुगालने ती १५८२ मध्येच घेतली होती. म्हणजे मुंबईचा इंग्रज वखारवाला ज्या दिवशी ६ जून लिहीत होता, त्याच दिवशी गोव्याचा पोर्तुगीज १६ जून लिहीत होता. रायगडावर त्या दिवशी ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६. दिवस एक, सोहळा एक. महाराजांच्या जन्मतिथीचा वाद आपण पुष्कळ ऐकला आहे. वैशाख शुद्ध द्वितीया शके १५४९ की फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१, हा वाद खरा. तो जवळजवळ तीन वर्षांचा आहे. जेधे शकावली लोकमान्यांनी १९१६ मध्ये प्रसिद्ध केली, तेव्हा त्याला नवे वळण मिळाले. परंतु ‘तिथी की तारीख’ हा वाद निराळा. तो एकाच दिवसाच्या दोन नावांचा आहे. कोश समोर असता, तर कोणता वाद पुराव्याचा आणि कोणता नावाचा, हे सामान्य माणसालाही कळले असते.

पण प्रवाहाचा नकाशा म्हटला, की दिवसांची नावे देऊन भागत नाही. पानिपतचा दिवस घ्या: १४ जानेवारी १७६१, बुधवार, पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२, शुहूर सन इहिदे सितैन मया व अलफ. पानिपतावर तो दिवस त्या तारखेला मावळला. नानासाहेब पेशव्यांना भेलशाच्या बाजूला त्याची वार्ता लागली ती सुमारे दहा दिवसांनी. त्या मधल्या दिवसांत दक्षिणेतल्या कोणी पत्र लिहिले असेल, तर ते वाचताना आपण हे ध्यानात ठेवले पाहिजे, की लिहिणाऱ्याच्या लेखी भाऊसाहेब अजून उभे आहेत. त्याच्या आशेला आपण मूर्खपणा म्हणू नये. घटना केव्हा घडली आणि कोठे केव्हा पोचली, अशी दोन्ही घरे आमच्या कोशात प्रत्येक पानावर हवीत.

आता हे काम होणार कसे? गणिताची चिंता उरलेली नाही. ज्या आकडेमोडीला दीक्षितांना आयुष्य वेचावे लागले, ती आज संगणक क्षणात करतो. उणीव आहे ती कागदांची. राजवाडे गावोगाव हिंडले, म्हणून १८९८ पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ खंडाखंडाने बाहेर आली. जेध्यांच्या घरी शकावली जपली गेली, म्हणून ती लोकमान्यांच्या हाती पडली. तसे कागद अजून कोणाच्या माळ्यावर, कोणाच्या देवघरातल्या पेटीत असतील. ते रद्दीत घालू नका. दफ्तराची गाठ सोडून कागदांचा क्रम मोडू नका, कारण शेजारच्या कागदावरून मितीहीन पत्राचे वर्ष लागते. जाणत्याला दाखवा, आणि तरुणांनो, मोडी शिका.

हा कोश एका विद्वानाच्या हातून होणारा नाही. तो घराघरांतून एकेक पान येऊनच पुरा होईल. त्यातले एक पान आपल्याकडे नाही ना, एवढे आज घरी गेल्यावर पाहावे, अशी विनंती करून आम्ही आपली रजा घेतो.