शिव्या हीच टाळी : ललिता पवारांची गोष्ट

भद्रावतीवरून बोलतेय. आज जिचं नाव काढलं की आपल्या आज्या अजूनही बोटं मोडतात, तिच्याबद्दल बोलू. ललिता पवार. 'रामायण' मालिकेतली मंथरा, आणि हिंदी सिनेमातली जगातली सगळ्यात खाष्ट सासू.

पण ललिताबाई सुरुवातीला हिरोईन होत्या, बरं का! जन्म १९१६ चा, मूळ नाव अंबा सगुण. मूकपटाच्या काळात लहानपणीच कामाला लागल्या, पुढे नायिका झाल्या. मग आलं १९४२. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग. सीनमध्ये भगवानदादांनी त्यांना थप्पड मारायची होती. ती चुकून इतक्या जोरात बसली, की चेहऱ्याला लकवा मारला. जवळपास तीन वर्षं उपचार. डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

हिरोईनचे रोल संपले. मग त्या चरित्र भूमिका करू लागल्या आणि दुष्ट बायकांच्या कामात त्यांचा हात धरणारं कोणी उरलं नाही.

आता इथं थोडं थांबा. आपण म्हणतो, 'डोळ्यामुळे ती कपटी दिसायची.' खरंच? १९५५ चा 'श्री ४२०' बघा. तोच डोळा, पण केळी विकणारी गंगामाई किती मायाळू! १९५९ च्या 'अनाडी'तली मिसेस डिसा बघा. वरून खेकसते, आतून राज कपूरवर पोटच्या पोरासारखी माया करते. याच कामाला फिल्मफेअर मिळालं. म्हणजे कपट डोळ्यात नव्हतं, अभिनयात होतं. तिरपा डोळा म्हणजे वाईट मन, हे सिनेमानं आपल्या डोक्यात भरलं. आणि मग वर्गातल्या एखाद्या पोरीला आपण सहज 'मंथरा' म्हणून मोकळे होतो.

मी स्वतः झाडीपट्टीच्या नाटकात दोन सीझन सासू केली. रात्रभर चालणारं नाटक, समोर शेकोटी, अन् पहिल्या रांगेतल्या बाया मला शिव्या देतात. विंगेत आले की सगळे म्हणतात, 'जमलं!' आपल्याकडे खलनायिकेची टाळी अशीच वाजते. पण सकाळी चहाच्या टपरीवर तेच लोक 'बस ना बाई' म्हणून जागा करून देतात. नाटक कुठं संपतं, हे त्यांना बरोबर कळते.

ललिताबाई १९९८ मध्ये गेल्या. आज रात्री रील्स थोडे बाजूला ठेवा, 'अनाडी' लावा. आजीलाही बसवा सोबत. बोटं मोडते की डोळे पुसते, ते मला कळवा. भेटू!